बारा फ्रेमची मात्रा

पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर एका सेकंदाला २४ चौकटी पळतात. सिनेमावाले त्यांना फ्रेम म्हणतात. संगीताची लय मिनिटाला १२० मात्रांची धरली, तर एक मात्रा अर्ध्या सेकंदाची आणि अर्ध्या सेकंदात बरोबर १२ फ्रेम. जॅझमध्ये बहुतेक वेळा चार मात्रांचा एक बार होतो आणि ब्लूजचा नेहमीचा साचा बारा बारचा असतो. तो एकदा पुरा फिरून पहिल्या जागी आला, की ४८ मात्रा झालेल्या असतात, २४ सेकंद गेलेले असतात आणि ५७६ फ्रेम खर्ची पडलेल्या असतात. एका फुटात १६ फ्रेम बसतात, त्या हिशेबाने ही पट्टी ३६ फूट भरते. जुन्या वाड्याच्या ओसरीपासून परसापर्यंत ती अंथरावी आणि एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे चालत जावं. ऐकताना जे आवर्तन हातून निसटतं, ते इथे जमिनीवर आडवं पडलेलं असतं. ते बोटाने मोजता येतं, हव्या त्या मात्रेवर शाईची खूण करता येते. जॅझवर लघुपट करणाऱ्याचं काम इथून सुरू होतं. काळ त्याच्या हातात आलेला असतो आणि तो त्याला फुटांत मोजायचा असतो.

अडचण पुढच्याच पावलावर उभी राहते. जॅझमध्ये मात्रेचे दोन भाग सहसा सारखे पडत नाहीत. पहिला लांब आणि दुसरा आखूड, मध्यम लयीत ढोबळ मानाने दोनास एक. म्हणजे १२ फ्रेमच्या मात्रेत पहिला भाग ८ फ्रेमचा आणि दुसरा ४ फ्रेमचा. यालाच वादक 'स्विंग', म्हणजे झोका, म्हणतात. हे प्रमाणही ठरलेलं नसतं; लय वाढली की ते बदलतं आणि प्रत्येक वादकाच्या हातात ते थोडं वेगळं असतं. चित्रं सहा-सहा फ्रेमच्या अंतराने बसवली, तर हिशेब चोख राहतो, पण पडद्यावर कवायत सुरू होते. झोका आणि कवायत यांच्यात फरक दोन फ्रेमचा, सेकंदाच्या बाराव्या भागाचा. जॅझचं दृश्य रूप करू पाहणारे प्रयोगशील लघुपट या एवढ्याशा जागेत जिंकतात किंवा हरतात. या लेखाचं म्हणणं असं आहे, की प्रत्येक सुराचं चित्र काढत बसणारा लघुपट जॅझपर्यंत पोहोचत नाही. चित्र वादकांच्या बैठकीत आणखी एक वादक होऊन बसतं आणि ठरलेल्या ठेक्याशी आपला स्वतःचा व्यवहार करतं, तेव्हा तो पोहोचतो. तसं बसलेलं चित्र ज्या लघुपटात आहे, तो ध्वनिपट्टीवर जॅझचा एक सूर नसला तरी जॅझचा नातेवाईक ठरतो.

सुराला सूर चिकटवण्याची पद्धत वाईट नाही, तिचं घर वेगळं आहे. ऑस्कर फिशिंगर यांनी १९३८ साली 'ॲन ऑप्टिकल पोएम' केला, तेव्हा संगीत होतं लिस्टचं, कागदावर लिहून पक्कं झालेलं. कागदाची वर्तुळं दोऱ्यांना टांगून, फ्रेमगणिक सरकवून त्यांनी त्या रचनेतल्या हालचाली डोळ्यांपुढे आणल्या आणि त्या सुंदरच आहेत. लिहिलेल्या संगीतात पुढचा सूर आधीच ठरलेला असतो, त्यामुळे चित्राने त्याचा हात धरून चालावं यात काही बिघडत नाही. जॅझमध्ये धून ठरलेली, तिच्याखालचे स्वरमेळ ठरलेले, ठेका ठरलेला. त्या चौकटीत वादक आता काय करणार हे मात्र ठरलेलं नसतं. ऐकणाऱ्याचा जीव तिथेच अडकलेला असतो. आपल्याकडे गवई उपज घेत समेकडे येतो, तेव्हा मैफलीतली माणसं मान डोलवायला आधीच तयार होऊन बसतात; सम कुठे आहे हे त्यांना माहीत असतं, वाट माहीत नसते. अशा संगीतात ट्रम्पेटने वरचा सूर लावला म्हणून पडद्यावर त्रिकोण वर उडवला, तर चित्र दर वेळी एक पाऊल मागे राहतं. घडून गेलेल्याची नोंद होते आणि वाट पाहणं संपतं. सिनेसंगीताच्या व्यवसायात पडद्यावरच्या प्रत्येक हालचालीला सूर चिकटवण्याला 'मिकी-माउसिंग' असं नाव आहे; ही त्याचीच उलटी बाजू.

आता नॉर्मन मॅक्लरेन आणि एव्हलिन लॅम्बार्ट यांचा 'बिगॉन डल केअर' घ्या. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाने १९४९ साली काढलेला, जेमतेम आठ मिनिटांचा लघुपट. संगीत माँट्रियलच्या ऑस्कर पीटरसन यांच्या त्रयीचं: पियानो, बास आणि ड्रम. पीटरसन तेव्हा पंचविशीच्याही आत होते. मॅक्लरेन आणि पीटरसन आधी काही दिवस एकत्र बसले. पियानोवर वाजवलेल्या एखाद्या तुकड्याने मॅक्लरेन यांना चित्र सुचे आणि मॅक्लरेन यांच्या एखाद्या मागणीने पीटरसन यांचा तुकडा बदले. मग संगीत ध्वनिमुद्रित झालं आणि त्यानंतर कॅमेऱ्याला हात न लावता थेट फिल्मवर रंगकाम सुरू झालं. कुंचल्याने रंग ओढले, ओल्या रंगावर जाळीदार कापड दाबून त्याची वीण उमटवली, काळ्या थरावर टोकदार हत्याराने ओरखडे काढले. महत्त्वाची गोष्ट अशी, की बराच भाग फ्रेमच्या रेघा न पाळता रंगवला आहे. लांबच लांब पट्टी एकच कागद समजून तिच्यावर रंगाचा फराटा ओढला आणि फ्रेम त्या फराट्याला वाटेल तिथे कापत गेल्या. परिणामी पडद्यावर रंग उसळतो, थरथरतो, मध्येच दुसऱ्या पोताचा होतो, आणि हे बदल ठेक्याच्या आसपास घडतात, नेमके ठेक्यावर नव्हे. जिथे नेमके हवेत तिथे मात्र ते सुईच्या टोकावर बसतात. या लघुपटाचे तीन भाग आहेत. पहिला भरगच्च रंगांचा, द्रुत. मधला संथ, आणि त्यात पडदा जवळजवळ रिकामा होतो: काळोखात एखाददुसरी बारीक उभी रेघ, तीही थरथरणारी. तिसरा इतका जलद, की डोळ्यांना एकेक चित्र वेगळं सापडतच नाही. तिसऱ्या भागाचं कौतुक अधिक होतं. माझ्या मते मोठेपण मधल्या भागात आहे. पियानो दोन सुरांमध्ये जागा सोडतो आणि त्या मोकळ्या जागेत रेघ हलत राहते. सूर नसताना चित्र चालू आहे, म्हणजे चित्राला स्वतःचा ठेका आहे. बैठकीत बसलेला चौथा वादक तो हा.

याच ठिकाणी जाणकार हरकत घेतील आणि ती वजनदार आहे. जॅझचा प्राण आयत्या वेळी सुचण्यात. ॲनिमेशन हा तर जगातला सगळ्यात संथ, सगळ्यात आखीव धंदा. सेकंदभराच्या हालचालीसाठी चोवीस फ्रेमवर झिजणाऱ्या माणसाने उत्स्फूर्ततेच्या गोष्टी सांगाव्यात काय? या हरकतीत दोन वेगवेगळे काळ एकात एक मिसळले आहेत: करण्याचा काळ आणि पाहण्याचा काळ. पीटरसन यांचं वादनही ध्वनिमुद्रित झाल्याक्षणी गोठलं; पुढच्या प्रत्येक वेळी ते सूर त्याच क्रमाने येतात. तरी आपण ती तबकडी ऐकून दर वेळी सावध होतो, कारण सुचण्याची खूण वादनाच्या घडणीत उरलेली असते: किंचित उशिरा पडलेला सूर, मध्येच सोडलेलं वाक्य, पुन्हा वेगळ्या बाजूने घेतलेली तीच जागा. फिल्मवर ओढलेल्या फराट्यातही हाताचा वेग तसाच उरतो. रंग कुठे पातळ झाला, ओरखडा कुठे घसरला, धुळीचा कण कुठे बसला, हे सगळं पडद्यावर कित्येक पट मोठं होऊन दिसतं. शिवाय फ्रेमच्या रेघा न पाळता रंगवलेल्या पट्टीत पुढच्या फ्रेमला नक्की काय येणार, हे रंगवणाऱ्यालाही पडद्यावर पाहिल्याशिवाय कळत नाही. मग मॅक्लरेन आणि लॅम्बार्ट त्या पट्ट्यांतून निवड करीत, संगीतावर बसवून पाहत, काढून टाकीत. आधी मोकळेपणी करणं आणि मग कडकपणे निवडणं, हेच रियाज केलेला वादक क्षणभरात करतो. इथे त्याला महिने लागले, इतकाच फरक.

दुसरी हरकत आपल्या बाजूने येईल. यवतमाळ जिल्ह्यातल्या, दारव्हा तालुक्यातल्या बोरी अरबमध्ये राहणाऱ्या वाचकाचा या माँट्रियलच्या पियानोशी संबंध काय? संबंध आहे, आणि तो ओढूनताणून आणलेला नाही. विदर्भातल्या लग्नाच्या वरातीपुढे डीजेच्या भिंती येण्याआधी बँडपथक असे आणि अजूनही कुठे कुठे असतं: क्लॅरिनेट, ट्रम्पेट, सॅक्सोफोन, मोठा ड्रम आणि साइड ड्रम. ही वाद्यं आपल्याकडे लष्करी बँडच्या वाटेने आली. अमेरिकेतल्या न्यू ऑर्लीन्स शहरातही लष्करी बँडच्याच धर्तीवरची पितळी वाद्यांची पथकं मिरवणुकींत आणि अंत्ययात्रांत वाजत, आणि जॅझ ज्या अनेक प्रवाहांतून वाढला त्यांतला एक मोठा प्रवाह या पथकांचा होता. म्हणजे वरातीतला क्लॅरिनेट आणि जॅझमधला क्लॅरिनेट एकाच पूर्वजाचे. दोघेही चालत्या माणसांच्या पावलांसाठी वाजवायला शिकले आणि दोघांनीही कवायतीचा ठेका नाचाकडे वळवला. बँडवाला गाण्याची ओळ मूळ चालीत एकदा वाजवतो आणि दुसऱ्यांदा नाचणाऱ्यांचा रंग पाहून तिला वळसे देतो, तेव्हा तो आपल्या परीने तेच काम करीत असतो.

याहून जवळचा धागा रेल्वेचा आहे. बोरी अरबच्या तालुक्याचं ठाणं दारव्हा. तिथून यवतमाळ आणि मूर्तिजापूर यांना जोडणारी शकुंतला धावायची. अडीच फुटी रुळांची, ब्रिटिश अमदानीत कापसासाठी टाकलेली, १९९४ पर्यंत वाफेच्या इंजिनावर चाललेली. जुन्या रुळांना ठरावीक अंतरावर सांधे असत. डब्याच्या एका टोकाची दोन चाकं सांध्यावरून पाठोपाठ जात आणि मग पुढची जोडी येईपर्यंत खंड पडे. म्हणून गाडीचा आवाज एकसारखा टक-टक-टक असा कधीच नव्हता. जवळजवळ दोन ठोके, मग उसंत, पुन्हा दोन ठोके. असमान भागांनी बनलेला आणि तरीही घड्याळासारखा नियमित असा तो ठेका होता. ड्यूक एलिंग्टन यांनी १९३३ साली 'डेब्रेक एक्सप्रेस' ध्वनिमुद्रित केलं, ते हाच आवाज पितळी वाद्यांवर घेऊन: गाडी सुटते, वेग घेते, शिट्टी देते, शेवटी ब्रेक लागतात. वीस वर्षांनी, १९५३ साली, डी. ए. पेनेबेकर यांनी न्यू यॉर्कच्या थर्ड ॲव्हेन्यूवरून खांबांवर धावणारी लोकलगाडी पहाटेच्या उन्हात चित्रित केली आणि त्या ध्वनिमुद्रणावर पाच मिनिटांचा लघुपट बेतला. तो मार्ग थोड्याच काळात पाडला जाणार होता. लघुपटात गाडीच्या आवाजाला गाडीचं चित्र आहे, मग ही सुराला सूर चिकटवण्याचीच पद्धत नाही का? सुरुवातीला तसं वाटतं. पण संगीत वेगात आलं, की चित्र गाडी दाखवायचं सोडून देतं. इमारती वाकतात, खिडक्या पट्ट्यांसारख्या ओघळतात, रूळ एकमेकांत शिरतात. एलिंग्टननी गाडीपासून संगीत केलं. पेनेबेकरनी त्या संगीताच्या आधाराने गाडीतून पुन्हा काही अमूर्त बाहेर काढलं. दोघांमध्ये गाडी हा ठेका होता आणि दोघांनी तिच्यावर आपापली उपज घेतली.

मग महाराष्ट्रात असं काही झालं का? मुंबईत साहित्य सगळं तयार होतं. ताजमहाल हॉटेलात १९३५ साली लिओन ॲबी यांचा कृष्णवर्णीय वादकांचा बँड वाजवून गेला. पियानोवादक टेडी वेदरफोर्ड पुढे भारतातच रमले. गोव्याच्या चर्चशाळांत नोटेशन शिकून आलेले वादक त्यांच्या संगतीत जॅझ शिकले. हळदोण्याचे अँतोनियो शावियेर वाझ 'चिक चॉकलेट' या नावाने ट्रम्पेट वाजवू लागले आणि लोक त्यांना भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणू लागले. हेच वादक सिनेमाच्या वाद्यवृंदांत गेले. १९५१ च्या 'अलबेला'त अमरावतीत जन्मलेले भगवान नाचतात, संगीत पुणतांब्याच्या सी. रामचंद्रांचं आहे आणि एका गाण्यात चिक चॉकलेट आपल्या बँडसह पडद्यावर दिसतात. १९५८ साली डेव्ह ब्रूबेक मुंबईत आले, १९६३ साली एलिंग्टन. दुसरीकडे, १९४८ साली सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचं मुख्यालय मुंबईतच होतं. १९५६ मध्ये डिस्नेच्या स्टुडिओतले क्लेअर वीक्स इथे येऊन कार्टून विभागाला शिकवून गेले. ॲनिमेटर राम मोहन त्याच पिढीतले. खुद्द मॅक्लरेनही १९५२-५३ च्या सुमारास युनेस्कोच्या कामासाठी भारतात येऊन गेले होते. त्या काळी मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचा वृत्तपट किंवा माहितीपट दाखवणं चित्रपटगृहांना बंधनकारक होतं. लघुपटाला तालुक्याच्या टॉकीजपर्यंतचा रस्ता सरकारी नियमानेच बांधून दिला होता.

साठीच्या दशकाच्या उत्तरार्धात या संस्थेत काही वर्षं विलक्षण मोकळी गेली. पंढरपूरला जन्मलेल्या मकबूल फिदा हुसेन यांना १९६७ मध्ये 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' करायला मिळाला. राजस्थानातली छत्री, कंदील, जोडा अशा वस्तूंची चित्रं एकापुढे एक येतात, त्यांचा अर्थ सांगणारं निवेदन नाही, जोडणारी गोष्ट नाही. सांधतं ते विजय राघव राव यांचं संगीत. त्या वर्षी बर्लिनच्या महोत्सवात लघुपटाचं सुवर्ण अस्वल त्याला मिळालं. पुढच्या वर्षी प्रमोद पती यांचा 'एक्सप्लोरर' आला. पती मूळचे ओडिशाचे, प्रागमध्ये बाहुल्यांच्या ॲनिमेशनचं शिक्षण घेतलेले. सात मिनिटांच्या या लघुपटात नाचणारी तरुण मुलं-मुली, प्रयोगशाळेतली यंत्रं, पूजेची चिन्हं अशी चित्रं इतक्या वेगाने आदळतात, की पहिल्या खेपेला डोळे दिपतात. दुसऱ्या खेपेला त्यातला ठेका सापडतो. काही चित्रं परत येतात. परत येतात म्हणून त्यांची वाट पाहिली जाते. आणि वाट पाहायला लावून पती त्यांना अर्धवट, उशिरा किंवा भलत्याच चित्राच्या शेजारी आणून ठेवतात. जॅझमध्ये दोन वादक चार-चार बार वाटून घेत एकमेकांना उत्तर देतात, आपल्या तमाशात ढोलकी आणि हलगी देतात तसं. इथे यंत्र आणि नाच एकमेकांना तसं उत्तर देतात. या लघुपटात जॅझ नाही. तरीही जॅझचं काम त्यात आहे, असं मी म्हणतो ते या घडणीमुळे.

यावर कोणी म्हणेल, की मग वेगाने कापलेला कुठलाही सिनेमा जॅझ ठरेल, आजची प्रत्येक जाहिरातही ठरेल. नाही ठरणार. वेग ही खूण नाहीच. खूण अशी, की खाली काहीतरी स्थिर चाललेलं पाहणाऱ्याला जाणवतं का आणि त्यापासून दूर जाणं त्याला कळतं का. जाहिरातीतले कट नुसते भरभर येतात. कशापासून दूर गेलो हे कळायला कसलाही पाया नसतो. उलट बाजूचा दाखला मुंबईतच आहे. चित्रकार अकबर पदमसी यांनी १९६९ साली मिळालेल्या नेहरू फेलोशिपच्या पैशातून 'व्हिजन एक्सचेंज वर्कशॉप' उभं केलं आणि राम मोहन यांच्या मदतीने 'सिझिजी' हा अकरा मिनिटांचा लघुपट केला. पांढऱ्या-काळ्यातल्या रेघा आणि बिंदू, एकातून दुसरी आकृती. ध्वनी अजिबात नाही. मूक असूनही तो पाहताना मन मात्रा मोजू लागतं, कारण रेघा ठरावीक नियमाने वाढतात आणि नियम पकडीत येतो न येतो तोच वेगळ्या दिशेला वळतात. संथ आहे, मूक आहे आणि तरी आवर्तन ऐकू येतं.

खंत मात्र एका गोष्टीची वाटते. 'एक्सप्लोरर' झाला त्याच १९६८ साली, त्याच मुंबईत, शंकर-जयकिशन यांची 'रागा-जॅझ स्टाइल' ही तबकडी निघाली: सतारीवर रईस खान, संयोजन सेबॅस्टियन डिसूझा यांचं, अकरा राग आणि भोवती सॅक्सोफोन, ट्रम्पेट, ड्रम. एकीकडे ठेक्यावर चित्र खेळवणारा दिग्दर्शक आणि दुसरीकडे रागाला स्विंगवर बसवणारे वादक. ते एकत्र आले असते तर काय घडतं, याची कल्पना करूनच थांबावं लागतं. माझा तर्क असा, की दोघांचे दरवाजे वेगळे होते. जॅझ राहत होता हॉटेलांच्या नाचघरांत आणि सिनेमाच्या ध्वनिमुद्रणांत. लघुपट राहत होता सरकारी खात्यात, जिथे संगीत द्यायला रविशंकर यांच्या परंपरेत शिकलेले विजय राघव राव यांच्यासारखे लोक होते आणि तेही प्रयोगाला न घाबरणारे. नाचघरातलं संगीत गंभीर कामाचं आहे, असं कुणाच्या मनात आलं नसावं. १९७८ साली रंगभवनात जॅझ यात्रा भरली आणि सॉनी रोलिन्स येऊन वाजवून गेले, तोपर्यंत पती हयात नव्हते. १९७५ मध्येच ते गेले.

आता सगळ्यात मूलभूत हरकत. संगीताला चित्र हवंच कशाला? ऐकणाऱ्याच्या मनात त्याची स्वतःची चित्रं उमटतात. पडद्यावरचं चित्र ती पुसून टाकतं. ही भीती आपल्या परंपरेतून पाहिली तर खरी वाटते. रागमालेच्या चित्रांत तोडी म्हटली की वीणा घेतलेली स्त्री आणि भोवती हरणं, हिंडोल म्हटला की झोपाळा. हे संकेत इतके घट्ट झाले, की चित्र पाहून राग ओळखावा. पण रागमालेचं चित्र थांबलेलं असतं. रस आणि प्रहर ते सांगतं, काळ चालवत नाही. लघुपट काळ चालवतो, म्हणून त्याची बांधणी वेगळी पडते. याचा पुरावा शर्ली क्लार्क यांनी १९५८ मध्ये ठेवला आहे. न्यू यॉर्कच्या पुलांचे शॉट एकमेकांवर चढवून त्यांनी चार मिनिटांचा 'ब्रिजेस-गो-राउंड' केला आणि त्याला दोन ध्वनिपट्ट्या दिल्या: एक टिओ मॅसेरो यांचं जॅझ, दुसरी लुई आणि बेबी बॅरन यांचं इलेक्ट्रॉनिक संगीत. चित्र फ्रेमला फ्रेम तेच. इलेक्ट्रॉनिक आवाजात पूल भयाण, माणसांवाचून फिरणारे वाटतात. जॅझवर तेच पूल खांदे हलवत नाचतात. चित्राने संगीत बांधून टाकलं असतं, तर हे झालंच नसतं. अमूर्त हालचाल ऐकणाऱ्याच्या मनातली चित्रं पुसत नाही, कारण ती कशाचंच चित्र नसते.

आणि जिथे वादकांचेच चेहरे आहेत तिथे? जोन मिली यांचा १९४४ चा 'जॅमिन द ब्लूज' दहा मिनिटांचा आहे. सुरुवातीला काळ्या पडद्यावर एक गोल आकृती आणि धूर. आकृती वर होते तेव्हा कळतं, की ती सॅक्सोफोनवादक लेस्टर यंग यांची टोपी होती. अमूर्तातून माणूस येतो आणि एकाच वादकाच्या अनेक प्रतिमा एकमेकांवर चढवून त्याला पुन्हा अमूर्तात नेलं जातं. पण याच लघुपटात गोरे गिटारवादक बार्नी केसल यांना अंधारात बसवलं आणि त्यांचे हात फळांच्या रसाने काळपट केले, कारण गोरा आणि काळे एकत्र वाजवताना दिसणं त्या वेळच्या स्टुडिओला परवडणारं नव्हतं. ध्वनिपट्टीवर जे खुशाल एकत्र वाजत होते, ते पडद्यावर एकत्र दिसू शकत नव्हते. चित्र आणि संगीत यांच्या नात्याचा विचार करताना हा अंधारातला गिटारवाला विसरता येत नाही. संगीताने मोडलेली भिंत चित्र पुन्हा बांधू शकतं, म्हणूनच चित्राला वादकाइतकंच धीट असावं लागतं.

शेवटची हरकत सोपी आहे. फोनमध्ये गाणं लावलं, की रंगीत पट्ट्या आपोआप नाचतात. मग हे कष्ट कोण करील? त्या पट्ट्या आवाजाची पातळी मोजतात. आवाज वाढला की वर, कमी झाला की खाली. वाट पाहणं त्यांना येत नाही आणि शांततेत त्या आडव्या पडतात. मॅक्लरेन यांची रेघ नेमकी शांततेत हलते. हे पडताळून पाहणं कठीण नाही. 'बिगॉन डल केअर' कॅनडाच्या फिल्म बोर्डाने आपल्या संकेतस्थळावर मोफत ठेवला आहे. तो आधी आवाज बंद करून पाहावा, मग डोळे मिटून ऐकावा, मग दोन्ही. मधल्या संथ भागात आवाज बंद असतानाही पुढची हालचाल कधी येणार याचा अंदाज शरीर बांधू लागतं.

त्याच फोनवर करून पाहण्याची गोष्टही इथलीच असू शकते. चित्रीकरणाची गती २४ फ्रेमवर ठेवावी. बोरी अरबमध्ये किंवा दारव्ह्याला वरात निघाली आणि पुढे बँडपथक असलं, तर वादकांचे चेहरे सोडून त्यांचे हात, पितळेवरचा उजेड, नाचणाऱ्यांची पावलं, धूळ, जनरेटरच्या दिव्यांच्या माळा असे बारीकसारीक शॉट घ्यावेत. ठेका मिनिटाला १२० च्या आसपास असला, तर ड्रमच्या दोन घावांत १२ फ्रेम मिळतात. प्रत्येक घावावर कट मारला, की ती कवायत होते. पहिले तीन घाव जाऊ द्यावेत, एकच शॉट तसाच चालू ठेवावा, आणि चौथा पडायच्या चार फ्रेम आधी कापावं.